गाठोड्यातील संहिता : रुक्मिणीस्वयंवर आणि रीपॅकचा व्यवहार

संगणकाच्या व्यवहारात 'रीपॅक' हा शब्द आता रुळला आहे. मूळ सॉफ्टवेअर, खेळ, चित्रपट किंवा ग्रंथ घ्यायचा, त्यातला अनावश्यक वाटणारा भाग काढून टाकायचा, उरलेला दाबून लहान करायचा, कुलूप असेल तर ते तोडायचे आणि नव्या वेष्टनात घालून पुढे पाठवायचा, असा हा उद्योग आहे. मराठीतील साहित्यविचाराने त्याकडे आजवर दोनच बाजूंनी पाहिले. प्रकाशकाच्या बाजूने पाहिले तेव्हा ती चोरी दिसली. खेड्यातल्या वाचकाच्या बाजूने पाहिले तेव्हा तो ज्ञानाचा प्रसार दिसला. दोन्ही दृष्टी वस्तूच्या मालकीवर खिळलेल्या आहेत. वस्तूचे काय झाले, गाठोडे आवळताना संहितेचे कोणते अवयव मोडले, हा प्रश्न दोहोंनाही पडत नाही. तो साहित्याच्या अभ्यासकांना पडायला हवा होता, आणि नेमके तेच या बाबतीत मौन धरून आहेत. या मौनाचे कारण अज्ञान नसून सोय हे आहे. ज्या पीडीएफवर व्याख्याने उभी राहतात, प्रबंध लिहिले जातात आणि परीक्षेचे उतारे काढले जातात, ती कोणत्या प्रतीवरून आली हे विचारले की सगळीच इमारत हलू लागते.

या प्रश्नाच्या विचाराला वऱ्हाडातील कौंडण्यपुराइतकी योग्य जागा दुसरी नाही. अमरावती जिल्ह्याच्या तिवसा तालुक्यात वर्धा नदीच्या काठी वसलेले हे गाव भीष्मकाची राजधानी आणि रुक्मिणीचे माहेर मानले जाते. आषाढीला येथून पंढरपूरला जाणारी पालखी म्हणजे माहेरची भेट, अशी लोकांची समजूत आहे. पण मराठी वाङ्मयाच्या दृष्टीने कौंडण्यपूर हे एका विलक्षण घटनेचे नाव आहे : एकच कथा शतकानुशतके पुन्हा पुन्हा बांधली जाण्याचे. नरेंद्र, संतोषमुनी, एकनाथ, विठ्ठल बीडकर, सामराज, प्रत्येकाने ती आपल्या गाठोड्यात बांधली. भागवताच्या दशमस्कंधात ही कथा ५२ ते ५४ अशा तीन अध्यायांत आटोपते. रुक्मिणीचे पत्र तर अवघ्या ७ श्लोकांचे. एकनाथांनी शके १४९३ मध्ये, म्हणजे १५७१ साली, वाराणसीत त्याचे १८ प्रसंग आणि १७१२ ओव्या केल्या. म्हणजे पुन्हा बांधणे हे मराठी वाङ्मयाला परके नाही. तेच त्याचे चलन आहे, आणि पुनर्बांधणीलाच पाप ठरवणाऱ्या प्रकाशकी युक्तिवादाला मराठीच्या इतिहासात आधार मिळत नाही.

तरीही एकनाथांचे रुक्मिणीस्वयंवर आणि आजची रीपॅक पोथी यांना एकाच मापाने मोजता येत नाही. एकनाथ आपल्या कृतीवर जनार्दनाच्या नावासह आपली मुद्रा उमटवतात, कथा भागवतातली असल्याचे सांगतात, रचनेचे स्थळ आणि शक नोंदवतात. जे मूळचे आहे आणि जे आपले आहे, त्यांतली सीमा वाचकाला दिसत राहते. ज्ञानेश्वरीच्या बाबतीत ते याहूनही काटेकोर वागले. शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, त्यांनी पाठभेदांनी बिघडलेली ज्ञानेश्वरी शुद्ध केली. आपण काय केले हे ग्रंथाच्या अखेरीस लिहून ठेवले, आणि पुढे कोणी आपली ओवी तिच्यात घुसडू नये असा कडक इशाराही दिला. संपादकाने स्वतःचा हात लपवू नये, ही शिस्त मराठीत इंग्रजी अंमलाबरोबर आलेली नाही.

नरेंद्राची गोष्ट तर या विषयाचे बीजच म्हणावी अशी आहे. महानुभाव परंपरा सांगते की देवगिरीच्या रामदेवराव यादवासमोर हे काव्य वाचले गेले तेव्हा राजा इतका लुब्ध झाला की एकेका ओवीमागे सोन्याचे नाणे द्यायला तयार झाला. अट एकच होती, काव्यावर नाव राजाचे असावे. नरेंद्राने ती नाकारली, कारण कविकुळाला बोल लागला असता. या आख्यायिकेची गोडी कवीच्या बाणेदारपणात शोधण्याची आपल्याकडे रीत आहे. पण राजाने काव्यातील एक अक्षरही बदलायला सांगितले नव्हते. आशय तोच, ओव्या त्याच, फक्त वेष्टन नवे. रीपॅकची इतकी स्वच्छ मागणी मराठी वाङ्मयाच्या इतिहासात दुसरी सापडणार नाही. नरेंद्राने ओळखले होते की वेष्टन हा संहितेचाच भाग असतो. फ्रेंच समीक्षक जेरार जनेत याने १९८७ मध्ये ग्रंथनाम, प्रस्तावना, अर्पणपत्रिका, टीपा यांना ग्रंथाचे उंबरठे म्हटले आणि त्यावर अख्खे पुस्तक लिहिले. तो उंबरठा ओलांडू पाहणाऱ्या राजाला वऱ्हाड-मराठवाड्याच्या परंपरेने सातशे वर्षांपूर्वी अडवले होते. त्याची किंमतही मोजावी लागली : काव्याचा मोठा भाग नाहीसा झाला आणि आज हाती आहेत त्या सुमारे नऊशे ओव्या.

येथे एक आक्षेप येईल, आणि तो देशीवादाच्या नावाने येईल. प्रमाण संहिता, मूळ पाठ, पाठचिकित्सा ही सारी युरोपीय भाषाशास्त्राची ओझी आहेत. आपली परंपरा मौखिक, प्रवाही, सामूहिक आहे. तिला कर्त्याचे नाव आणि आवृत्तीचा सन चिकटवणे म्हणजे वसाहतवादी मनाची सवय, असा तो युक्तिवाद. ऐकायला तो भारदस्त वाटतो. पण लीळाचरित्राच्या पोथ्या उघडल्या की तो कोसळतो. म्हाइंभटाने रिद्धपुरात सिद्ध केलेली मूळ प्रत चौदाव्या शतकाच्या आरंभीच्या धामधुमीत गेली. मग ज्यांना जे पाठ होते त्यावरून ग्रंथ पुन्हा उभा करण्यात आला. अशा प्रसंगी कोणत्याही पंथाला आपला पाठ तोच अस्सल म्हणून खपवण्याचा मोह झाला असता. महानुभावांनी तसे केले नाही. त्यांनी पिढीपाठ वेगळे ठेवले, हिराइसेचा पाठ तो हिराइसेचा म्हणून सांगितला, आणि जेथे दुसरी आठवण वेगळे सांगत होती तेथे 'वासना' म्हणून तीही लिहून ठेवली. पाठभेदाला त्यांच्याजवळ स्वतःचा पारिभाषिक शब्द होता. स्मृतीवर उभ्या असलेल्या आणि श्रद्धेने भारलेल्या परंपरेने आपल्या प्रतीतला अनिश्चितपणा असा उघड मांडला. विसाव्या शतकात हरि नारायण नेने, शं. गो. तुळपुळे आणि वि. भि. कोलते यांना जी संपादने करता आली, ती या प्रामाणिकपणामुळेच. तेव्हा बेफिकिरीला देशी म्हणायचे असेल तर तो देश कोणता हे आधी सांगावे लागेल.

महानुभावांनी कुलपेही घातली. सकळ लिपी, सुंदरी लिपी अशा सांकेतिक लिप्यांत त्यांनी आपले ग्रंथ ठेवले. एका अक्षराच्या जागी दुसरे लिहायचे आणि किल्ली पंथाजवळ ठेवायची. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे यांनी ही किल्ली अभ्यासकांना दाखवली नसती तर मराठी गद्याचा आरंभ कितीतरी अलीकडे मानला गेला असता. कुलूप तोडण्याच्या कृत्यावर नैतिक नाक मुरडणाऱ्यांनी हे विसरू नये. पण राजवाड्यांनी कुलूप तोडले आणि कसे तोडले तेही सांगितले. पोथीतले अक्षर कोणते आणि त्याचे वाचन कोणते, हे कोणालाही पडताळता येईल अशा रीतीने.

अशीच दुसरी सकळ लिपी मराठीने १९९० नंतर, काहीही गूढ नसताना, आपणहून स्वीकारली. डीटीपीच्या त्या काळात प्रत्येक फॉण्टची सांकेतिक व्यवस्था निराळी होती. रोमन अक्षराच्या क्रमांकावर देवनागरीचे एखादे अक्षर वा तुकडा बसवलेला असे; फॉण्ट नसेल तर पडद्यावर रोमन अक्षरांचा केरकचरा दिसे. तालुक्याच्या गावांतली डीटीपी केंद्रे बहुधा कुलूप तोडलेल्या प्रतींवर चालत, हे सर्वांना ठाऊक होते आणि त्यावर कोणी बोलत नव्हते. त्या वर्षांतली मराठी पुस्तके, नियतकालिके, प्रबंध अशा फायलींत अडकले. आता त्यांचे युनिकोडमध्ये रूपांतर होते तेव्हा ऱ्हस्व वेलांटी व्यंजनाच्या अलीकडून पलीकडे न्यावी लागते, रफार आपल्या जागी परतवावा लागतो, अर्धी अक्षरे जोडावी लागतात. हे काम यंत्र करते आणि चुकते. रूपांतरित फाईल मात्र नव्याकोऱ्या मजकुराच्या थाटात वावरते. ती रूपांतरित आहे असे तिच्यावर कोठेही लिहिलेले नसते.

आता ज्यांना चोर म्हटले जाते त्यांच्याकडे वळायला हवे. संगणकीय खेळांचे रीपॅक करणारी मंडळी बेकायदा काम करतात याबद्दल दुमत असण्याचे कारण नाही. भारतातला १९५७ चा प्रताधिकार कायदा त्यांना गुन्हेगारच ठरवतो, आणि अशा गाठोड्यांच्या नावाखाली विषाणू पसरवणाऱ्या नकली जागाही पुष्कळ आहेत. पण फिटगर्ल या टोपणनावाने प्रसिद्ध असलेल्या रीपॅकसोबतचे टिपण एखाद्या मराठीच्या प्राध्यापकाने जरूर वाचावे. मूळ आकार किती आणि दाबल्यावर किती. काही वगळले आहे का. चित्रे-ध्वनी पुन्हा संकेतबद्ध केले आहेत की जसेच्या तसे ठेवले आहेत. कोणत्या भाषांचे भाग ऐच्छिक आहेत. मूळची आवृत्ती कोणती, हे सारे तेथे लिहिलेले असते. वर एक पडताळणीची सोय असते. प्रत्येक फाईलवरून गणिताने एक खूण काढलेली असते. गाठोडे सोडल्यावर पुन्हा ती खूण काढायची, आणि मूळ फाईलच्या खुणेशी ती जुळली नाही तर कोठेतरी अक्षर बिघडले असे समजायचे. 'वासना' नोंदवणाऱ्या लेखकूने याहून वेगळे काय केले होते?

कायदेशीर जगातही हाच शिरस्ता आहे. डेबियन या मुक्त सॉफ्टवेअरच्या संघटनेत मूळ कर्त्याच्या संचातून काही काढून तो पुन्हा बांधला, तर आवृत्तीच्या क्रमांकालाच तशी शेपटी जोडण्याचा प्रघात आहे. नाव वाचले की कळते : हा संच मूळचा नव्हे, यातून काही वगळले आहे. सी-डॅकने २००७ मध्ये पुढे आणलेली बॉस ही भारतीय कार्यप्रणालीही डेबियनवरच बेतलेली आहे आणि ते उघड सांगते. पुनर्बांधणीची लाज कोणालाच वाटत नाही, कारण ती सांगितलेली असते.

याच्या शेजारी मराठी ग्रंथाची आजची डिजिटल अवस्था ठेवावी. फोनवर फिरणारी रुक्मिणीस्वयंवराची पोथी उघडली की ती कोणत्या छापील आवृत्तीवरून घेतली, कोणी टंकित केली, किती ओव्या गळल्या, यातले काही क्वचितच कळते. लग्न जुळावे म्हणून मुली जिचे पारायण करतात, त्या पोथीला हे प्रश्न विचारू नयेत असे कोणी म्हणेल. ठीक आहे, पारायणाला ते लागू नसतील. पण तीच फाईल अभ्यासकाच्या लेखात अवतरणाच्या खुणांमध्ये बसते तेव्हा काय? सरकारी खर्चाने स्कॅन झालेल्या डिजिटल लायब्ररी ऑफ इंडियाच्या मराठी पुस्तकांत ग्रंथनामे आणि लेखकनामे रोमन लिपीत मोडूनतोडून नोंदवलेली आहेत, पाने गहाळ आहेत. आणि त्याच प्रती उतरवून, शीर्षकपृष्ठ व प्रस्तावना 'अनावश्यक' म्हणून कापून, दाबून, समूहासमूहांतून पाठवल्या जातात. वाचकाला मिळते ते उंबरठा नसलेले घर.

सर्वांत मोठा घात मात्र शुद्धलेखनाच्या नावाने होतो. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२ च्या नियमांनी अनुच्चारित अनुस्वार गेले. आजच्या लेखनासाठी ते योग्यच झाले. पण जुन्या मजकुराचे टंकन करणारा, किंवा त्याच्यासाठी काम करणारे यंत्र, 'तें' चे 'ते' करते तेव्हा नपुंसकलिंगी एकवचन आणि पुल्लिंगी अनेकवचन एकाच रूपात कोसळतात. 'देवें' मधला अनुस्वार गेला की तृतीया गेली; 'घरीं' मधला गेला की सप्तमीची खूण गेली. जुन्या पोथ्यांत 'ख' च्या जागी 'ष' येतो. तो चूक समजून सुधारला जातो. लीळाचरित्राचे 'लीलाचरित्र' होते. कौंडण्यपूर, कौंडिण्यपूर, कुंडिनपूर ही एकाच गावाची रूपे कोणत्या ग्रंथात कोणती आली हे स्वतःच एक वाङ्मयीन साधन आहे. शोध सोपा जावा म्हणून ती एकसारखी करून टाकण्याची घाई त्या साधनावर बोळा फिरवते. शोधयंत्राला एकरूपता लागते हे मान्य. मग ती दुसऱ्या थरात ठेवावी, मूळ लेखन खाली शाबूत असावे. मराठी विकिस्रोतात स्कॅनचे पान आणि टंकित मजकूर शेजारी शेजारी दिसतात, मुद्रितशोधन कितपत झाले हे रंगांनी कळते, कोणी केव्हा काय बदलले याचा इतिहास राहतो. बिनपगारी हौशी माणसांनी चालवलेल्या या व्यवस्थेला जे जमते ते अनुदानित संस्थांना का जमू नये, याचे उत्तर पैशात नाही.

केवळ दाबल्यानेही अक्षर बदलू शकते, हे बहुतेकांच्या गावी नसते. २०१३ मध्ये डाव्हिड क्रीझेल या जर्मन संगणकतज्ज्ञाने दाखवून दिले की झेरॉक्स कंपनीची काही यंत्रे स्कॅन करताना आकडे बदलत होती. ६ च्या जागी ८ उमटत होता. पान पुसट झाले असते तर निदान शंका आली असती. येथे आकडा स्वच्छ आणि चुकीचा होता. कारण साधे होते. जागा वाचवण्यासाठी यंत्र सारख्या दिसणाऱ्या आकृती एकच समजून एकीच्या जागी दुसरी बसवत होते. ही पद्धत 'घ' आणि 'ध', 'भ' आणि 'म', 'ब' आणि 'व' एवढ्याशा फरकाने वेगळे असलेल्या लिपीवर, तेही जुन्या शिळाछापाच्या पानावर चालवली तर काय होईल, याची कल्पना करणे अवघड नाही. जुना लेखकू चुकला तर त्याची चूक हाताच्या वळणावरून ओळखता येते. या चुकीला वळण नाही.

लेखकाच्या मृत्यूची घोषणा हाताशी धरून काही नवसमीक्षक या साऱ्याला उत्सव मानतात. रोलां बार्थने १९६७ मध्ये लेखक मेल्याचे जाहीर केले ते अर्थावरची त्याची मक्तेदारी संपवण्यासाठी. शीर्षकपृष्ठ फाडण्याचा परवाना म्हणून नव्हे. अर्थ मोकळा सोडायचा तर शब्द तरी पक्के हवेत. शब्दच कोणी, केव्हा, कशासाठी बदलले हे कळत नसेल तर वाचकाला मिळालेले स्वातंत्र्य अंधारात चाचपडण्याचे असते.

आणि प्रकाशकांनाही यातून सुटका नाही. चाचेगिरीविरुद्ध ते बोलतात ते रास्त आहे. पण त्यांच्याच ई-पुस्तकांत पहिल्या आवृत्तीचा सन, पुनर्मुद्रणांचा इतिहास, जुनी प्रस्तावना, शुद्धिपत्र यांचे काय होते? विकत घेतलेले गाठोडे आणि फुकटचे गाठोडे आतून पुष्कळदा सारखेच पोकळ असते. प्रताधिकार कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने ६५ब हे कलम आले. ग्रंथनाम, कर्त्याचे नाव, हक्कधारकाची माहिती असे डिजिटल प्रतीला जोडलेले तपशील जाणूनबुजून, अधिकार नसताना काढले वा बदलले तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. म्हणजे नरेंद्राने राजाला जे नाकारले ते आज दंडनीय आहे. हे कलम मराठीत कोणाला माहीत आहे असे दिसत नाही. साहित्यसंमेलनांच्या ठरावांत तर नाहीच.

हा वाद आता लांबणीवर टाकण्यासारखा राहिलेला नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा जाहीर केला. म्हाइंभटाच्या रिद्धपुरास मराठी भाषा विद्यापीठ आले. अभिजाततेचा दावा ज्या ग्रंथांवर उभा आहे त्यांचे अंकीकरण आता मोठ्या प्रमाणावर होणार, आणि एकदा झालेले अंकीकरण पुन्हा कोणी करत नाही, कारण 'ते झाले आहे' असे अहवालात लिहिलेले असते. यंत्रे मराठी शिकणार तीही याच मजकुरावरून. म्हणून प्रत्येक डिजिटल संहितेसोबत, ती सरकारी असो, खासगी असो की फुकट, एक पान असलेच पाहिजे : आधाराची प्रत कोणती, काय वगळले, लेखन बदलले असल्यास कोणत्या नियमाने, कोणी आणि केव्हा. त्याखाली पडताळणीची खूण. खेळांची गाठोडी बांधणाऱ्यांना जेवढे साधते तेवढेच हे मागणे आहे.

कसोटीची तारीखही ठरलेली आहे. कौंडण्यपूर ज्या तिवसा तालुक्यात आहे त्याच तालुक्यात मोझरीचे गुरुकुंज आहे. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचे निर्वाण ११ ऑक्टोबर १९६८ चे. कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे या नियमाने, १९५५ ची ४१ अध्यायांची ग्रामगीता १ जानेवारी २०२९ पासून कोणालाही छापता, बांधता, दाबता येईल. ५७ व्या कलमातील कर्त्याचा विशेष हक्क, म्हणजे कृतीची मोडतोड रोखण्याचा हक्क, तेव्हाही उरेल. २०१२ नंतर त्याला मुदतीची अट राहिलेली नाही. पण मोडतोड झाली हे सिद्ध करायला आधी शेजारी ठेवायला शुद्ध प्रत लागते. महाराजांच्या हयातीतल्या छापील प्रतीवरून, अनुस्वारासकट, स्कॅनचे पान शेजारी ठेवून तयार केलेली आणि तसे सांगणारी ग्रामगीता त्या दिवसाच्या आत सिद्ध झाली नाही, तर त्या सकाळी पहिली जी फाईल फोनाफोनांतून पोचेल तीच वऱ्हाडातल्या पुढच्या पिढ्यांची ग्रामगीता होईल.